मुको चिरो

गेल्या महिन्यात गावच्या घराची मधली भिंत पाडली. पाडली म्हणजे एकेक चिरा, जांभा दगडाचा ठोकळा, सुटा करून खाली उतरवला, कारण आमचा गवंडी म्हणतो की जुना चिरा हा नवीन चिऱ्यापेक्षा केव्हाही बरा, हाताने तासलेला, साठ-सत्तर पावसाळे बघितलेला, फोडून टाकायचा नसतो. तर हा माणूस चिरा खाली आला की त्याच्यासमोर उकिडवा बसायचा, हातोडीने दोन ठिकाणी टक टक करायचा, मान जराशी वाकडी, आणि मग नुसत्या बोटाने दाखवायचा, हा इकडे, तो तिकडे. पहिल्यांदा मला वाटलं चिरा फुटलाय का बघतोय. विचारलं तर म्हणाला, "बोलणारो चिरो घराक, मुको चिरो गडग्याक." ज्याच्यातून खणखणीत आवाज येतो तो परत भिंतीत जाणार, ज्याचा आवाज बसका, मातीवर मारल्यासारखा, तो कुंपणाच्या गडग्याला. मला ही वाटणी इतकी आवडली की मी तासभर तिथेच खुर्ची टाकून बसलो, ऑफिसचे दोन फोन कट केले. दुपारी देवळीच्या बाजूचा एक चिरा उतरला, एका अंगाला काजळीने काळा झालेला. गवंड्याने टक केलं, परत टक केलं. "ह्यो मुको." मी म्हटलं, हा जरा बाजूला ठेवा, मला हवाय. तो माझ्याकडे असा बघायला लागला की जसं काय मी सुकटीच्या वाटपात गुलाबजाम मागितला. मग मी सिमेंटचं बघायला देवगडला गेलो, संध्याकाळी येऊन बघतो तर चिरा नाही. गडग्यात लागला म्हणे. कुठे? "ता काय आता सांगूक येयत?"

एवढंच झालं. चोरी नाही, अपघात नाही, तीसेक किलोचा एक दगड अंगणाच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला गेला. पण मुंबईला परत आल्यावरसुद्धा ते डोक्यातून जाईना, लोकलमध्ये कोणी मोबाईल पट्टीवर टकटक केला तरी मला तो बसका आवाज आठवायचा.

त्या देवळीचं सांगायला पाहिजे. माजघर आणि मधली खोली यांच्यामधल्या भिंतीत, माझ्या खांद्याच्या उंचीला, एक चौकोनी कोनाडा होता. लाईट यायच्या आधी तिथे चिमणी असायची, म्हणून वरचा चिरा आणि बाजूचा चिरा काळा. लाईट आल्यावर तिथे रेडिओ आला, मग रेडिओच्या जागी टेपरेकॉर्डर, आणि सगळ्यात शेवटी बाबांच्या गोळ्यांचा डबा. काजळी मात्र कोणी पुसली नाही. आई दरवर्षी गणपतीच्या आधी चुना काढायची तेव्हा देवळीपाशी आली की हात आखडता घ्यायची, म्हणायची ते काळं काही जाणार नाही, वर चुना मारला तर घाण दिसेल. लहानपणी मी त्या काजळीवर नखाने रेघा ओढायचो आणि मार खायचो. त्या रेघासुद्धा होत्या चिऱ्यावर, भिंत पाडेपर्यंत, मी बघितल्या.

टेपरेकॉर्डर आला तो नव्वद साली, आणि एक्याण्णवच्या गणपतीत मी बाबांचं गाऱ्हाणं टेप केलं. आमच्याकडे आरती झाली की घरातला मोठा माणूस गाऱ्हाणं घालतो आणि प्रत्येक मागण्याला बाकीचे सगळे "व्हय म्हाराजा" म्हणतात, हे वाचणाऱ्यांपैकी निम्म्या लोकांना सांगायला नकोच. मी सोळा वर्षांचा, रेकॉर्डचं बटण आणि प्लेचं बटण एकदम दाबून टेप देवळीत ठेवला आणि जाऊन मागे उभा राहिलो. ती कॅसेट नंतर तीस वर्षं ट्रंकेत पडून होती. आता कोकणातल्या ट्रंकेत तीस वर्षं म्हणजे काय ते विचारू नका, फितीच्या कडेला पांढरे ठिपके आले होते, बुरशी, उघडल्यावर वास आला तो जुन्या रजयांचा. माझा भाचा पुण्याला इंजिनिअरिंगला आहे, त्याने कापूस आणि स्पिरिट घेऊन दोन रात्री बसून ती साफ केली आणि लॅपटॉपवर घेतली. पहिल्यांदा ऐकली तेव्हा मला वाटलं की मशीन बिघडलंय. बाबा "बा देवा म्हाराजा" म्हणतात, पण त्याच्या दीड-दोन सेकंद आधी, अगदी बारीक, शेजारच्या घरातून आल्यासारखं, तेच "बा देवा म्हाराजा" ऐकू येतं. म्हणजे बाबा बोलायच्या आधी बाबांचा आवाज येतो.

माझ्या अंगावर काटा आला, खोटं कशाला सांगू. भाच्याला नाही आला. तो म्हणाला मामा, ह्याला प्रिंट-थ्रू म्हणतात. फीत गुंडाळलेली असते ना, एकावर एक थर, वर्षानुवर्षं तशीच चिकटून, त्यात उन्हाळ्याची गरमी, मग एका थराचं चुंबकत्व शेजारच्या थरावर थोडंसं उतरतं. फीत पळते सेकंदाला पावणेपाच सेंटिमीटर आणि रिळाचा एक वेढा सात-आठ सेंटिमीटरचा, म्हणून दीड-दोन सेकंद. पुढचा आवाज मागे उमटतो आणि मागचा पुढे. एवढं सगळं त्याने मॅगी खाता खाता सांगितलं. मी विचार करत राहिलो की माणूस गेला २००३ साली, आणि ट्रंकेत त्याचा आवाज हळूहळू स्वतःच्याच आधी सरकत होता.

त्या टेपवर काका पण आहेत. काकांचा "व्हय म्हाराजा" कायम उशिरा. सगळ्यांचा एकदम येतो, मग अर्ध्या सेकंदाने काकांचा एकट्याचा, मोठ्ठा, खर्जातला. आम्ही पोरं त्यावरून हसायचो. काका गिरणीत साचेखात्यात, म्हणजे मागांच्या खात्यात होते, सदुसष्ट सालापासून, आणि साच्यांच्या त्या खडखडाटात पंधरा वर्षं काढल्यावर कानाचं जे होतं तेच त्यांच्या कानाचं झालं होतं. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला, दत्ता सामंतांचा, अडीच लाख कामगारांचा, तो कोकणातल्या घराघरात कसा आला ते मी काय सांगणार, प्रत्येक वाडीत एक तरी माणूस ट्रंक घेऊन परत आला. आमच्याकडे काका चौऱ्याऐंशीला आले, काकी आणि मुलासकट, आणि मधल्या भिंतीच्या पलीकडच्या दोन खोल्यांत राहायला लागले. ते सगळ्यांच्या ओठांकडे बघून बोलायचे. गाऱ्हाण्यात बाबांची पाठ असायची त्यांच्याकडे, ओठ दिसायचे नाहीत, मग ते बाकीच्यांकडे बघून "व्हय म्हाराजा" म्हणायचे, म्हणून उशीर.

आवाज साठवून ठेवलेली एक गोष्ट मी खरोखर बघितली आहे, ती म्हणजे काकांचे कान. पंधरा वर्षांचे साचे त्यात बसले होते, दुसऱ्या कशाला जागाच उरली नव्हती.

असो. तर चिरा गडग्यात गेल्याचं मी भाच्याला सांगितलं, हसण्यावारी सांगितलं, की बघ रे त्या चिऱ्याने साठ-पासष्ट वर्षं आमच्या घरातलं सगळं ऐकलं आणि गवंडी म्हणतो मुका. ह्या पोराने ते सीरियसली घेतलं. म्हणाला, मामा, कॅसेटची फीत तपकिरी का असते? लोखंडाचा गंज असतो तो, आयर्न ऑक्साईड, बारीक भुकटी करून प्लॅस्टिकला चिकटवलेली. आणि चिरा लाल का असतो? मी म्हटलं लोखंड. तो म्हणाला, मग? सामान तेच आहे. तुमचं अख्खं घर कोऱ्या कॅसेटचं बनलंय.

इथून आमचा खेळ सुरू झाला. रोज रात्री जेवणं झाली की व्हॉट्सअ‍ॅपवर, त्याचे लांबलचक व्हॉइस मेसेज. आम्ही एक यंत्र बनवायला घेतलं, डोक्यातल्या डोक्यात, जे चिऱ्यातून आवाज काढेल. नाव ठेवलं चिरोफोन. पहिली अडचण मीच काढली, की कॅसेटची फीत पुढे सरकते म्हणून एका आवाजाच्या पुढे दुसरा आवाज बसतो, चिरा तर जागचा हलत नाही, मग सगळे आवाज एकाच जागी, एकावर एक, म्हणजे नुसती खरखर. दोन दिवस तो गप्प. मग त्याने जे उत्तर काढलं ते ऐकून मला त्याच्या कॉलेजची फी वसूल झाल्यासारखं वाटलं. खाणीतून काढलेला ओला चिरा मऊ असतो, टाकीने सहज कापला जातो, आणि वारा लागला की हळूहळू कडक होत जातो, हे कोकणात शेंबड्या पोराला माहीत आहे. १८०० च्या सुमारास तो फ्रान्सिस बुकानन, ईस्ट इंडिया कंपनीचा डॉक्टर, केरळात फिरताना हेच बघून चाट पडला आणि १८०७ साली छापलेल्या पुस्तकात त्याने ह्या दगडाला लॅटराइट नाव दिलं, विटेला लॅटिनमध्ये जे म्हणतात त्यावरून. तर भाचा म्हणाला, चिरा बाहेरून आत कडक होत जातो, म्हणजे खोली हीच वेळ. वरच्या सालीत पहिले दिवस, आत जाशील तसे नंतरचे. कडक होताना जो आवाज आला तो तिथे गोठला. फिरायची गरजच नाही.

आणि वाचायचं कसं? तर खरवडत जायचं. एकेक पापुद्रा. म्हणजे ऐकलं की गेलं, चिऱ्याची भुकटी खाली आणि आवाज हवेत, परत लावता येणार नाही. मला हे फार पटलं. फुकट काहीच मिळत नाही असल्या गोष्टीत.

हे वेड काही आमचं एकट्याचं नाही, हे मला नंतर वाचताना कळलं. चार्ल्स बॅबेज, कॉम्प्युटरच्या इतिहासात पहिल्या पानावर येतो तो, त्याने १८३७ साली लिहून ठेवलंय की बोललेला प्रत्येक शब्द हवेच्या कणांना जो धक्का देतो तो कधीच पूर्ण संपत नाही, त्यामुळे हवा म्हणजे एक भलीमोठी लायब्ररी आहे, बायामाणसं जे जे बोलली कुजबुजली ते सगळं तिच्यात लिहिलेलं. गंमत म्हणजे हाच माणूस पुढे लंडनच्या रस्त्यावर बाजा वाजवणाऱ्यांच्या मागे हात धुऊन लागला, त्यांचा त्याला इतका त्रास व्हायचा. कुठलाच आवाज मरत नाही अशी खात्री असलेल्या माणसाला खिडकीखालचा बाजा म्हणजे काय वाटत असेल! आणि १९६९ मध्ये रिचर्ड वुडब्रिज नावाच्या गृहस्थाने इंजिनिअर लोकांच्या एका मोठ्या मासिकाला पत्र पाठवलं की मी मातीच्या मडक्यावर रेकॉर्ड प्लेअरची सुई टेकवली आणि कुंभाराच्या चाकाची घरघर ऐकली. पुढे म्हणतो, एका चित्रातल्या निळ्या रंगाच्या फटकाऱ्यातून त्याला 'निळा' हा शब्द ऐकू आला, रंगवताना बोललेला. मडक्यातून माणसं बोलायला लागली असं काही नंतर झालं नाही. पण मला वुडब्रिजचा राग येत नाही. सुई टेकवून, श्वास रोखून बसलेला तो माणूस मला दिसतो, आमच्या गवंड्यासारखी मान वाकडी केलेला.

खरी चाट पाडणारी गोष्ट काजळीची आहे. पॅरिसमध्ये स्कॉट द मार्तेंव्हिल म्हणून एक माणूस होता, त्याने १८५७ साली एका यंत्राचं पेटंट घेतलं. दिव्याच्या काजळीने काळा केलेला कागद, त्यावर एक बारीक केस, आवाज आला की केस हलतो आणि काजळीत रेघ उठते. एडिसनच्या वीस वर्षं आधी. पण परत वाजवायचं त्याच्या डोक्यातच नव्हतं, नुसतं बघायचं होतं, आवाज दिसतो कसा ते. १८६० साली तो त्यासमोर एक फ्रेंच लोकगीत गायला, आणि तो कागद तसाच पडून राहिला दीडशे वर्षं. २००८ मध्ये अमेरिकेत कॉम्प्युटरवर त्या रेघा वाचून वाजवल्या तेव्हा एका लहान मुलीचा आवाज आला. सगळे खूष. पुढच्या वर्षी लक्षात आलं की स्पीड दुप्पट लागलाय. निम्मा केल्यावर ती मुलगी गेली आणि एक पुरुष निघाला, सावकाश गाणारा, बहुतेक स्कॉट स्वतःच.

हे वाचलं तेव्हा रात्रीचे दोन वाजले होते आणि मला माझ्या नखाच्या रेघा आठवल्या. देवळीतल्या काजळीवरच्या. त्या ओढताना मी काही बोलत होतो का, कोण जाणे.

मग शिमग्याच्या आधी परत गावाला गेलो तेव्हा भाच्याला घेऊन गेलो, आणि तो म्हणाला आधी देवाचे गोठण्याला जाऊ. विजयदुर्गची खाडी ओलांडून राजापूर तालुक्यात. तिथल्या सड्यावर, म्हणजे उघड्या कातळाच्या पठारावर, एक कातळशिल्प आहे, जांभ्यात कोरलेला एकच माणूस, आणि तिथे होकायंत्र चुकतं हे हल्ली सगळ्यांना माहीत झालंय. भाच्याने पन्नास रुपयांचं होकायंत्र आणलं होतं. सकाळचे साडेदहा, सडा तापायला लागलेला, करवंदीच्या जाळ्या सोडल्या तर सावली नाही, पायाखाली तो छिद्राछिद्रांचा काळपट लाल दगड. चित्राबाहेर सुई गुमान उत्तरेला. चित्रावर ठेवली की वळली, दोन पावलं सरकवली की अजून वेगळीकडे. वाकून बघता बघता माझ्या चष्म्यावर घाम पडला. भाचा म्हणाला, मामा, ह्याच्याखाली जो काळा दगड आहे ना, बेसॉल्ट, साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा, तो थंड होताना, ५८० अंशांच्या खाली उतरताना, त्यातल्या लोखंडाने त्या वेळची उत्तर दिशा पकडून ठेवली. आणि त्या लाव्ह्यातला बराचसा दगड उलटी दिशा दाखवतो, कारण तेव्हा पृथ्वीचं चुंबकच उलटं होतं. आपण तेव्हा विषुववृत्ताच्या खाली होतो हे पण त्या दगडांवरूनच कळतं. म्हणजे दगड लक्षात ठेवतो की नाही हा प्रश्नच नाही. ठेवतोच. फक्त एकदाच ठेवतो, गोठताना. नंतर तुम्ही त्याच्यासमोर काय वाटेल ते बोला.

मी म्हटलं, थांब. मग आपला चिरासुद्धा एकदाच ऐकणार?

हो ना, तेच तर. कडक होईपर्यंत. एक वर्ष, फार तर दोन. तुमचं घर बांधलं अठ्ठावन्न साली, म्हणजे त्यात अठ्ठावन्न-एकोणसाठ. मी हिशोब केला. आजोबांच्या हाका. आजी. पहिल्या पावसाचा कौलांवरचा आवाज. बाबा चौदा वर्षांचे, आवाज फुटत असणार. काका नऊ वर्षांचे, कान शाबूत, कोणी हळूच हाक मारली तरी ओ देणारे. म्हणजे आमच्या चिरोफोनमध्ये काका वेळेवर "व्हय म्हाराजा" म्हणतील.

"म्हणजे चौऱ्याण्णवचं काही नाही त्याच्यात?" मी विचारलं.

"छे. तोपर्यंत दगड पक्का. चौऱ्याण्णवला काय होतं?"

मी म्हटलं काही नाही, ऊन लागतंय, चल. पण माझं मलाच कळलं की मी सुटल्यासारखा श्वास सोडला होता. एका खोट्या यंत्राच्या खोट्या नियमामुळे.

चौऱ्याण्णवच्या मे महिन्यात कलमांच्या पैशांवरून बाबा आणि काकांचं वाजलं. त्यातलं कोण बरोबर कोण चूक हे मला आज सांगता येणार नाही, दोघांनी एकमेकांना जे ऐकवलं ते भाऊ भाऊ ऐकवतातच, आणि काकांशी भांडायचं म्हणजे ओरडूनच भांडायला लागायचं त्यामुळे अख्ख्या वाडीने ऐकलं. काका बाकावर बसले होते, मधल्या भिंतीला लागून. मी देवळीशी टेकून उभा, एकोणीस वर्षांचा, नुकतं कॉलेज, सगळं कळतं असं वाटायचं वय. बाबा तावातावाने बाहेर खळ्यात गेले. शांत झालं जरा. आणि मी देवळीकडे तोंड करून, कोणाला ऐकू जाणार नाही एवढ्या आवाजात म्हणालो, "बहिरो हा ता बरा, लाज वाटूक नको."

काका उठले आणि आपल्या खोलीत गेले. ते तसेही उठणारच होते. दुसऱ्या दिवशी मला म्हणाले, एसटी किती वाजताची आहे, डबा घेतलास का. नेहमीसारखं. मोठ्याने. २००९ मध्ये गेले. पंधरा वर्षांत एकदाही त्यांच्या बोलण्यात काही आलं नाही. आणि मी पंधरा वर्षं त्यांच्याशी बोलताना त्यांच्या डोळ्यांकडे न बघता ओठ हलवत राहिलो.

आता हे कोणाला सांगायचं नव्हतं, भाच्याला तर नाहीच. पण त्याच रात्री तो ओटीवर हेडफोन लावून ती गाऱ्हाण्याची कॅसेट साफ करत बसला होता, खरखर काढायची म्हणून, आणि मला म्हणाला, मामा, एका ठिकाणी काकाआजोबा वेळेवर आहेत. मी म्हटलं कुठे? त्याने हेडफोन दिला. बाबांचं गाऱ्हाणं संपत आलेलं. मोठमोठ्याने पोराबाळांसाठी, गुराढोरांसाठी मागून झालंय, आणि मग बाबांचा आवाज एकदम खाली येतो, जवळजवळ पुटपुटल्यासारखा. "आणि जो कोण गिरणीतसून परत इलो हा, तेच्या हाताक काम दी रे म्हाराजा." आणि लगेच, सगळ्यांच्या बरोबर, एका अक्षराचाही उशीर नाही, काकांचा "व्हय म्हाराजा".

मी तीनदा ऐकलं. तिसऱ्यांदा ऐकताना तो बारीक, आधी येणारा आवाज पण ऐकू आला. आधी अगदी लांबून "व्हय म्हाराजा", मग खरा.

तर म्हणजे चिरोफोन असता, आणि भाच्याचा नियम थोडा वाकवून त्याने चौऱ्याण्णवसुद्धा ऐकवलं असतं, तरी काय मिळालं असतं? माझंच वाक्य. ते मला पाठ आहे, त्याला यंत्र कशाला. भिंतीने काय ऐकलं हे कळलं असतं, काकांनी ऐकलं का हे कुठल्या चिऱ्यात शोधणार? हे मी एवढ्या स्पष्टपणे तेव्हा म्हटलं नाही, तेव्हा मी फक्त हेडफोन परत दिला आणि म्हटलं, झोप आता.

दुसऱ्या दिवशी नवे चिरे आले, ट्रकभर. खाणीतून मशीनने कापलेले, अंगावर गोल पात्याच्या रेघा, अजून ओलसर, हात लावला की तळव्याला लाल माती. भाचा गवंड्याच्या माणसांना सांगत होता की ह्यांच्यासमोर जपून बोला हां, हे आत्ता ऐकतायत. ते लोक हसले, आणि मग खरंच थोडा वेळ कोणी शिव्या दिल्या नाहीत, मोबाईलवरचं गाणंसुद्धा कोणीतरी बदलून भजन लावलं. दहा मिनिटं टिकलं असेल. मग एकाच्या पायावर फळी पडली.

संध्याकाळी मी गडग्याकडे गेलो. गडगा आता आमच्या आणि काकांच्या वाटणीच्या मधोमध, कमरेएवढा, नवा रचलेला, सगळे मुके चिरे. मी गवंड्याची छोटी हातोडी घेतली आणि एकेकाला टक करत चाललो. काजळीची बाजू आत गेली असेल तर दिसणार नाही हे कळत होतं, पण म्हटलं बघू तरी. सगळ्यांचा आवाज सारखाच, भाकरीच्या पिठावर थाप मारावी तसा. उतरत्या उन्हात ते दगड असे लाल दिसत होते की एकही काळा असेल असं वाटेना. वीसेक चिरे झाले असतील.

"काय शोधतंस रे?" काकी पलीकडे वाळत घातलेले कपडे काढत होती. सत्तरीच्या पुढे आहे, कमरेत वाकलीय, पण नजर शाबूत. मी म्हटलं, काय नाय गो, देवळीकडचो चिरो होतो एक. ती म्हणाली, "आता तेचा काय करतलंस? भिंत गेली, देवळी गेली." आणि उशीचा अभ्रा झटकला. मी हातोडी गडग्यावर ठेवली. आणि काय झालं माहीत नाही, तीस वर्षांत जे कोणाला विचारलं नव्हतं ते एकदम विचारून टाकलं, जरा फिरवून.

"काकी, काकांक हळू बोललेला ऐकाक येय काय गो?"

तिला प्रश्नात काही विशेष वाटलं नाही. कपडे खांद्यावर टाकत म्हणाली, "उजवो कान गेलोच होतो. साचो त्याच बाजूक होतो मां. डाव्या कानान चांगला येय. माका रात्रीचा काय सांगूचा झाला तर मी डाव्या अंगाक निजय." आणि मग, "चाय ठेवलंय, येतंस काय?"

मी म्हटलं, येतंय, पाच मिनिटांत.

आणि घरात आलो. भिंत नव्हतीच. माजघर आणि मधली खोली आता एक झाली होती, जमिनीवर फक्त भिंतीच्या जागेची लाल पट्टी आणि गवंड्याने उद्यासाठी बांधलेली सुताची दोरी. बाक इथे होता. देवळी बाकाच्या ओटीकडच्या बाजूला होती, की स्वयंपाकघराच्या? चिमणी, मग रेडिओ, मग टेप, हे सगळं डोळ्यासमोर येतं, पण बाक आला की त्याची बाजू बदलते. मी सिमेंटचं एक पोतं ओढून पट्टीपाशी आणलं आणि त्यावर बसलो, काका बसायचे तसा, पाठ भिंतीला. भिंत नाही म्हणून मागे तोल गेला. सावरून बसलो. उजव्या हाताला ओटी, डाव्या हाताला स्वयंपाकघर, तिथून भाच्याच्या बोलण्याचा आवाज येत होता, फोनवर कोणाला तरी हळू आवाजात काहीतरी सांगत होता. मी तिकडे मान वळवली. मग दुसरीकडे. पलीकडून काकीने हाक मारली, चहा निवतोय म्हणून, आणि मी अजून पोत्यावरच होतो, उठून पोतं दोरीच्या दुसऱ्या बाजूला नेऊन बघावं का हा विचार करत.